खळं, खेचरं आणि गप्प बसलेला निवेदक

शिरूर तालुक्यात भीमाकाठच्या मांडवगण फराट्याच्या शिवारात आज जिकडं पाहावं तिकडं ऊस उभा आहे. तरी साठी-पासष्टी ओलांडलेल्या कुणालाही विचारा, खळं कसं करायचं ते त्याला अजून तोंडपाठ असतं. जमीन चोपायची, शेणानं सारवायची, मधोमध तिवडा रोवायचा, कणसं पसरायची आणि तिवड्याभोवती बैलांची पात धरायची. वारा सुटला की वावडीवर चढून उफणायचं. वारा नाही सुटला तर बसून राहायचं. ज्याला हे ठाऊक आहे त्याच्यासमोर 'पाराबोला दोरो' हा 1955 सालचा इटालियन माहितीपट लावला, तर दहा मिनिटांत त्याला एकही प्रश्न पडणार नाही. सिसिली बेटाच्या आतल्या भागात गव्हाची कापणी चालली आहे. पेंढ्या बांधल्या जातात, खळ्यावर येतात, खेचरं त्या तुडवतात, वाऱ्यावर भुसा उडतो आणि दाण्याची रास उरते. फिल्ममध्ये निवेदक नाही, मुलाखत नाही, वाद्यवृंदाचं संगीतही नाही. माणसं आपसांत बोलतात, गातात, जनावरांवर ओरडतात, आणि ते आपल्याला कळावं अशी कुणाची अपेक्षाही नाही.

रोममधल्या शहरी प्रेक्षकापेक्षा भीमाकाठच्या शेतकऱ्याला ही फिल्म जास्त कळेल, असं मला ठामपणे वाटतं. तिची सगळी बांधणी कामाच्या क्रमावर उभी आहे आणि तो क्रम त्याला आधीच ठाऊक आहे. तोंडातून शब्द न काढता फिल्म गोष्ट कशी सांगते, ते आता सावकाश पाहू.

फिल्म करणारा माणूस वित्तोरिओ दे सेता. जन्म 1923, पालेर्मोचा. 1954 ते 1959 या काळात त्यानं सिसिली, सार्डिनिया आणि कालाब्रिया या इटलीच्या गरीब दक्षिण भागांत दहा लघुपट केले. स्ट्रॉम्बोलीचा ज्वालामुखी, गंधकाच्या खाणी, ट्यूना माशाची सामूहिक शिकार, ऑर्गोसोलोचे मेंढपाळ असे त्याचे विषय. बरेचसे लघुपट रंगीत, आणि त्या काळात नव्या असलेल्या सिनेमास्कोपच्या रुंद पडद्यासाठी केलेले. माणसं मोजकी असत. कॅमेरा बहुतेक वेळा त्याच्याच हातात, संकलनही त्याचंच, मदतीला पत्नी व्हेरा गेरार्दुच्ची. ज्वालामुखीवरच्या 'इसोले दि फुओको'ला 1955 मध्ये कान महोत्सवात माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. पुढं अनेक वर्षं हे लघुपट जवळपास विस्मरणात गेले. मग बोलोन्याच्या चित्रपट संग्रहालयानं त्यांच्या प्रती दुरुस्त केल्या, दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीनं त्यांची बाजू लावून धरली, आणि 2011 मध्ये दे सेता वारला तोवर जगाला त्याची पुन्हा ओळख झाली होती.

लांबी दहाच मिनिटं का, याचं उत्तर कलेत नसून तिकीटखिडकीवर आहे. महायुद्धानंतरच्या इटालियन कायद्यांनुसार मुख्य चित्रपटाबरोबर दाखवल्या जाणाऱ्या लघुपटाला तिकीटविक्रीतला थोडा वाटा मिळत असे. त्यामुळे दहा मिनिटांचे माहितीपट धडाधड निघू लागले. बरेचसे ठोकळेबाज असत: चर्चचे घुमट, कारंजी, भरीला व्हायोलिन आणि वर भारदस्त आवाजातलं निवेदन. आपल्याकडंही थोड्या फरकानं हीच व्यवस्था होती. 1948 मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन झालं. परवान्याच्या अटीनुसार प्रत्येक टॉकीजला मुख्य खेळाआधी त्यांचा माहितीपट किंवा वृत्तपट दाखवावा लागे आणि त्याचे पैसेही टॉकीजच भरत असे. ज्यांनी शिरूरला किंवा दौंडला सत्तरच्या दशकात सिनेमे पाहिले त्यांच्या कानात तो आवाज अजून असेल. धरणाची भिंत दिसली की 'हे धरण आहे' असं सांगणारा. लोक तेवढ्या वेळात शेंगदाणे घेऊन येत.

अर्थात फिल्म्स डिव्हिजनला सरसकट नावं ठेवणं अन्यायाचं होईल. तिथंच सुखदेवनं 1967 मध्ये 'इंडिया 67' निवेदनाशिवाय केला आणि 1980 च्या सुमारास मणी कौलनं 'अरायव्हल'मध्ये मुंबईत येणारी फळं-फुलं, मेंढरं आणि मजूर असे एकापुढं एक ठेवले की बोलायची गरजच उरली नाही. त्याहूनही मागं गेलात तर या देशातला पहिला चित्रपटकारच निरीक्षक होता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती कॅमेऱ्यात पकडली. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी काय केलं? कुंडीतल्या वाटाण्याचं रोप वाढताना एकेक चौकट करून टिपलं, आणि ती फीत दाखवून भांडवल उभं केलं. आपल्या चित्रपटाचा पाया एका वाटाण्याच्या वेलावर रचला गेला, हे शाळेत पोरांना सांगायला हवं.

दे सेताच्याही आधी इटलीत मायकेलअँजेलो आन्तोनिओनीनं ही निवेदनाशिवायची वाट थोडी चालून पाहिली होती. त्याचा 'एन. यू.' 1948 चा, साधारण अकरा-बारा मिनिटांचा, कृष्णधवल. ही दोन अक्षरं म्हणजे रोमच्या नगरसफाई खात्याचं संक्षिप्त नाव. पहाटेपासून संध्याकाळपर्यंत रस्ते झाडणारी माणसं एवढाच विषय. सुरुवातीला निवेदनाची थोडी वाक्यं येतात, मग बोलणं थांबतं. पुढं कुणी झाडतंय, कुणी भिंतीच्या कडेला टेकलंय, आणि शहराला त्यांची दखलच नाही. आन्तोनिओनीला विषयाचे सलग ठोकळे रचायचे नव्हते, सुटे सुटे तुकडे हवे होते. परिणाम असा, की आपण त्या माणसांच्या मागं मागं चालत राहतो पण त्यांना ओळखत नाही. शहरात झाडूवाल्याशी आपलं नातं तेवढंच असतं, म्हणून ते पटतं. खेड्यातल्या कामाला मात्र हे सुटे तुकडे पुरणार नाहीत, कारण तिथं एका कामातून दुसरं काम निघत जातं. दे सेतानं तेच हेरलं.

आता खळ्यावर येऊ.

पहिली गोष्ट, क्रम. कापणी झाल्याशिवाय पेंढी नाही, पेंढी वाळल्याशिवाय मळणी नाही. कामाला स्वतःचाच 'मग काय झालं' असतो. कादंबरीकाराला तो रचावा लागतो, इथं तो आयता मिळतो. मात्र प्रत्येक पायरी का केली ते चित्रात दिसलं पाहिजे. नुसता विळा चालताना दाखवला तर ती हालचाल झाली. कापणाऱ्याच्या डाव्या मुठीत धाटं जमतात, मूठ भरली की तो खाली ठेवतो, मागून येणारा ती उचलून पेंढीत बांधतो, इतकं दाखवलं की ते काम झालं. पाहणाऱ्याला दोन माणसांचं नातं कळलं, वेग कळला, कोण कुणासाठी थांबतो तेही कळलं.

फिल्ममधल्या सिसिलीच्या मळणीत तिवडा नसतो. खेचरांचे दोर हातात धरून माणूसच खळ्याच्या मधे उभा राहतो आणि जनावरं त्याच्याभोवती फिरतात. आपल्याकडं बैलांची पात तिवड्याला बांधलेली आणि माणूस मागून चालणारा. फरक लहान दिसतो, पण कॅमेऱ्याच्या दृष्टीनं मोठा आहे. मधे माणूस असला की सगळ्या चक्राला तोंड मिळतं. जनावरांचा वेग, धुळीचा लोट आणि त्या माणसाचा गाणारा, हाकणारा गळा एकाच चौकटीत बसतो. सिनेमास्कोपची रुंद चौकट अशा ठिकाणी कामाला येते: एका टोकाला खेचरं बाहेर जातात, दुसऱ्या टोकानं आत येतात, आणि कॅमेरा हलवावाही लागत नाही.

दुसरी गोष्ट, वाट पाहणं. ज्याला माहितीपटाची गोडी लावायची आहे त्यानं इथं थोडं थांबावं. उफणणीला वारा लागतो आणि वारा माणसाच्या हातात नाही. म्हणजे कामातच एक ताण आहे, तो कुणी रचलेला नाही. मळलेला गहू पडून आहे, माणसं उभी आहेत, आणि मग झुळूक येते. लाकडी दाताळ्यानं वर फेकलेला गहू सरळ खाली पडतो, भुसा तिरका उडतो. यावर निवेदकानं 'वाऱ्याच्या साहाय्यानं दाणे व भुसा वेगळे केले जातात' असं म्हटलं असतं तर मजाच गेली असती, कारण त्या क्षणी आपण स्वतः ते शोधून काढत असतो.

दे सेताच्या 'लू तेंपू दी ली पिशी स्पाता' या 1954 च्या लघुपटात ही युक्ती आणखी उघडी दिसते. मेसिनाच्या सामुद्रधुनीत तलवारमाशाची शिकार. एक जण उंच डोलकाठीवर चढून पाण्याकडं नजर लावून बसलाय, खाली होडीत वल्ही धरून बाकीचे. बराच वेळ काहीच घडत नाही. ऊन, पाणी, घाम, जांभई. मग वरून आरोळी, आणि एकदम सगळी होडी अंगात आल्यासारखी धावते. आधीचा रिकामा वेळ कापून टाकला असता तर आरोळीचं मोल दोन पैशांचंही उरलं नसतं. आजच्या मोबाईलवरच्या तुकड्यांत नेमका हाच वेळ पहिल्यांदा कात्रीखाली जातो.

तिसरी गोष्ट, दिवस. जवळपास प्रत्येक लघुपटात पहाट ते रात्र असा प्रवास आहे. खरं तर गव्हाची कापणी, वाळवण आणि मळणी एका दिवसात होत नाही, हे कुठल्याही शेतकऱ्याला ठाऊक आहे. दे सेता अनेक दिवसांचं काम एका दिवसाच्या उजेडात बसवतो. सकाळच्या तिरप्या उन्हात कापणी, डोक्यावरच्या उन्हात मळणी, कलत्या उन्हात उफणणी. ऊन कुठं आहे ते पाहून प्रेक्षक वेळ ओळखतो. ही लबाडी आहे का? आहे, पण भजनात एका रात्रीत अख्खी रामकथा होते तशीच. ऐकणारा आणि सांगणारा दोघांनाही ती मान्य असते.

चौथी गोष्ट आवाज, आणि माझ्या मते दे सेताचं खरं कसब इथं आहे. त्या काळी चित्र आणि आवाज एकाच वेळी, एकमेकांशी जुळवून, शेतात उभं राहून टिपणं जवळजवळ अशक्य होतं. कॅमेऱ्याची घरघर मोठी आणि ध्वनिमुद्रणाची यंत्रं बोजड. दे सेतानं मार्ग काढला तो असा: टेप रेकॉर्डर घेऊन गाणी, हाका, खुरांचा आवाज, भांड्यांची आदळआपट असं सगळं जागेवरच, पण वेगळं टिपायचं आणि नंतर संकलनाच्या मेजावर चित्राखाली बसवायचं. बारकाईनं पाहिलंत तर गाणाऱ्याचे ओठ आणि गाणं जुळत नाहीत. बहुतेक वेळा तो गाणाऱ्याचं तोंड दाखवतच नाही. गाणं चालू राहतं आणि चित्रात पाय, दोर, धूळ. त्यामुळे गाणं एकाचं न राहता सगळ्या खळ्याचं होतं. सिसिलीत मळणीच्या वेळी संतांची नावं घेत खेचरांना हाकायची रीत होती. आपल्याकडं कापणीला भलरी म्हणत आणि मोटेवरची वेगळी गाणी असत. त्यांची टेप त्या वेळी कुणी शेतात उभं राहून भरली असती तर आज काय हाती असतं, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

आवाजाचं आणखी एक काम आहे. एका चित्रातून दुसऱ्या चित्रात जाताना डोळ्याला धक्का बसतो, कानाला बसत नाही. मळणीचं गाणं अखंड चालू असलं तर खाली वीस वेगवेगळी चित्रं आली तरी सगळं एकाच जागी, एकाच वेळी चाललंय असं वाटतं. म्हणून दे सेता आधी आवाजाची सलग पट्टी धरतो. आणि जिथं अचानक आवाज थांबवतो, तिथं काहीतरी बदललेलं असतं: वारा पडला, मासा दिसला, दिवस बुडाला.

मजकूर म्हणाल तर सुरुवातीला पडद्यावर काही ओळी येतात. जागा कुठली, काम कुठलं, एवढंच. नकाशा हातात देऊन वाटाड्या बाजूला होतो.

आता यात कृत्रिम किती, हे विचारायलाच हवं. 35 मिमीची फीत सेकंदाला 24 चौकटी या वेगानं मिनिटाला 90 फूट धावते. म्हणजे 400 फुटांचं रीळ साडेचार मिनिटांच्या आतच संपतं आणि फीत महाग. दहा मिनिटांच्या लघुपटासाठी निव्वळ वापरलेलीच फीत 900 फूट होते. अशा वेळी कॅमेरा चालू ठेवून 'जे होईल ते होऊ दे' म्हणणं परवडत नाही. काय होणार ते आधी माहीत हवं, कॅमेरा त्याच्या जागी आधीच हवा, आणि कधी कधी 'पुन्हा एकदा करा' असंही म्हणावं लागतं. 'निरीक्षण' या शब्दामुळे भिंतीवरच्या पालीसारखा कॅमेरा डोळ्यांसमोर येतो, पण त्या पिढीचं निरीक्षण चित्रीकरणाच्या आधी होत असे. कॅमेरा सुरू व्हायच्या वेळी बरंचसं पाहून झालेलं असे. साठच्या दशकात हलके 16 मिमी कॅमेरे आणि नाग्रा टेप रेकॉर्डर आले, आवाज-चित्र एकत्र पकडता येऊ लागलं, तेव्हा कुठं माणसांच्या मागं पळत पाहता पाहता शोधायचा माहितीपट जन्मला.

एक तक्रार मला दे सेताविषयी आहे. 'पाराबोला दोरो' इतका देखणा आहे की गहू कुणाचा हे विचारायचं राहून जातं. 1950 मध्ये सिसिलीत जमीन सुधारणेचा कायदा झाला, त्याआधी आणि नंतरही जमिनीवरून तिथं तंटे पेटलेले. फिल्ममध्ये जमीनदार नाही, वाटा नाही, मजुरी नाही. सोनेरी रास दिसते, तिच्यातली किती पोती कुणाच्या दारात गेली ते दिसत नाही. निवेदक काढून टाकला की त्याच्याबरोबर हिशेबही निघून जायचा धोका असतो. गंधकाच्या खाणीवरच्या 'सुर्फारारा'त तसं होत नाही, कारण तिथं अंधार, उष्मा आणि वाकलेली पाठ हाच हिशेब आहे. 'इ दिमेन्तिकाती'मध्ये, म्हणजे 1959 मध्ये, तो कालाब्रियातल्या डोंगरातल्या अशा गावात गेला जिथवर रस्ता पोचलाच नव्हता. सुरुवातीलाच ती अर्धवट वाट दाखवून त्यानं सरकारला जे ऐकवायचं ते ऐकवलं, आणि मग गावच्या जत्रेतला जंगलातून ओढून आणलेला झाडाचा बुंधा दाखवला. कामाचा क्रम तसाच ठेवून त्यात व्यवहार कसा आणायचा, याचं ते उत्तर आहे.

हे सगळं मांडवगणच्या पंचक्रोशीत कुणी करून पाहायचं ठरवलं तर खळं आता मिळणार नाही, मळणी यंत्रानं ते केव्हाच गिळलं. पण गुऱ्हाळ आहे. भीमेच्या पलीकडं दौंड तालुक्यात तर पावलोपावली आहेत आणि केडगावची गुळाची बाजारपेठ जवळच. मला विचाराल तर दहा मिनिटांच्या मूक-बोलक्या फिल्मसाठी गुऱ्हाळाइतकी तयार जागा दुसरी नाही. एकच छप्पर, आग, वाफ, चार-सहा माणसं, आणि अडीच-तीन तासांत सुरू होऊन संपणारी एक गोष्ट, जिला आधण म्हणतात.

आधी कॅमेऱ्याविना दोन-तीन आधणं नुसती पाहावीत. चरकातून रस निघतो, गाळून कढईत जातो. चुलाणात चिपाडाचा जाळ. रस तापू लागला की काळपट मळी वर येते. भेंडीचा चिकट रस किंवा तिची भुकटी आणि थोडा चुना घातला की मळी गोळा होते, ती झाऱ्यानं काढतात. मग उकळी फुटते, फेस कढईच्या काठाला येतो, तेलाचे थोडे थेंब टाकले की खाली बसतो. रंग हिरवट करड्यावरून मधासारखा, मग लालसर सोनेरी. बुडबुडे आधी मोठे आणि चपळ, पुढं लहान आणि जड. आवाजही बदलतो: आधी खळखळ, मग रटरट, शेवटी फदफद. डोळे मिटून बसलेल्या गुळव्याला कढई कुठवर आली ते सांगता येतं. काकवी हवी असेल तर लवकर, साधारण 105-106 अंशाला काढायची, ढेप बांधायची तर पाक 118 अंशांच्या आसपास न्यायचा. बहुतेक गुळवे मात्र थर्मामीटरकडं ढुंकून पाहत नाहीत. चिमूटभर पाक गार पाण्यात टाकतात, बोटांनी गोळी वळतात आणि ठरवतात.

ती गोळी म्हणजे तुमच्या फिल्ममधला वारा. तोवर सगळे कामात गुंतलेले असतात, पण गुळव्यानं पाण्यात बोटं घातली की जाळ घालणारा मान वळवून पाहतो, कढईपाशी उभे असलेले पुढं सरकतात. उतरवायला थोडा उशीर झाला तर गूळ करपतो, घाई झाली तर ढेप ओली राहून पाघळते. हे कुणी बोलून दाखवत नाही. त्यांचे चेहरे आणि ती बोटं आलटून पालटून दाखवलीत की न बोलता कळतं. त्यानंतर मात्र झपाझप: कढई उतरते, पाक वाफ्यात ओततात, लाकडी फावड्यानं हलवतात, घोटतात, आणि कापड घातलेल्या साच्यात भरतात.

अडचणी इथूनच सुरू होतात. चरकाची मोटार इतकी कल्ला करते की बाकी काही ऐकू येत नाही. दे सेताचाच उपाय करा: चित्र एका मोबाईलवर, आवाज दुसऱ्यावर. मोटार बंद असताना कढईजवळ, चुलाणाजवळ, साच्यांजवळ दुसरा मोबाईल ठेवून प्रत्येक आवाज पाच-पाच मिनिटं सलग भरून घ्या. वाफेचं चित्रण नेहमी उजेडाकडं तोंड करून करा. वाफेच्या पाठीमागून ऊन पडलं की ती उजळते, समोरून पडलं तर दिसतच नाही. चौकट आडवी धरा, प्रत्येक चित्र किमान पंधरा सेकंद न हलवता धरा, झूम विसरा. लोक कॅमेऱ्याकडं पाहतील, पाहू द्या. गुऱ्हाळावर कामाची घाई एवढी असते की अर्ध्या तासात तुमचा कंटाळा येऊन ते आपल्या उद्योगाला लागतात.

एकाच आधणाचं सगळं टिपायला जाऊ नका. पहिल्या आधणाला फक्त हात, दुसऱ्याला चेहरे, तिसऱ्याला लांबून सगळं छप्पर. मग तिन्ही मिळून एक आधण रचा. पण फेसाकडं लक्ष ठेवा. हिरवट फेसानंतर सोनेरी आणि त्यानंतर पुन्हा हिरवट दिसला तर शहरातला प्रेक्षक फसेल, केडगावच्या बाजारात गूळ विकणारा नाही. पहाटेच्या अंधारातलं धूर निघणारं धुराडं हवं असेल तर एकट्यानं उसाच्या कडेनं जाऊ नका. शिरूर तालुक्यात बिबट्याला ऊस हेच घर वाटतं, आणि त्याला फिल्मशी काही घेणं नाही.

आणि हिशेब. गुऱ्हाळावरचे बरेच कामगार हल्ली उत्तर प्रदेश-बिहारकडून आलेले असतात. त्यांची झोपायची जागा, दुपारचं जेवण, फोनवरचं घरचं बोलणं यांना दहातलं एक मिनिट तरी द्या. त्यासाठी भाषांतराची ओळ लागत नाही. एक टन उसाचा साधारण शंभर किलो गूळ होतो. तो उतारा शब्दांत सांगायची गरज नाही, ट्रॉलीभर ऊस आणि शेवटी मांडलेल्या ढेपा एकाच जागेवरून दाखवल्या की पुरे. जळणाचा ढीगही दाखवा. चिपाडाऐवजी प्लॅस्टिक, जुन्या चपला, टायर जाळल्याच्या तक्रारी दौंडकडच्या काही गुऱ्हाळांबद्दल वर्तमानपत्रांत येत आल्या आहेत. तुम्ही गेलात तिथं तसं असेल तर मालकाला आधी सांगा की हे चित्रात येणार, आणि मग आणा. नसेल तर चिपाडाचा स्वच्छ ढीगही तितकाच बोलतो.

संकलनाला बसताना चित्र आधी लावू नका. तीन तासांच्या कढईच्या आवाजातून खळखळ, रटरट, फदफद असे तीन तुकडे घ्या, त्यांची आठ-नऊ मिनिटांची पट्टी करा आणि मग तिच्यावर चित्रं बसवा. मोबाईलमधलं तयार बासरीचं संगीत घालायचा मोह होईल, तो पहिल्या दिवशीच आवरा. सुरुवातीला एक ओळ पुरे: गावाचं नाव, तालुका, महिना. मग ती फिल्म गुऱ्हाळावरच नेऊन, भिंतीला चादर लावून, गुळव्याला दाखवा. 'ही गोळी नंतरची, आधी मळी काढायची राहिली' असं तो म्हणाला तर परत संकलनाला बसा.